वाचणाऱ्याच्या आवाजाचं कोण बघणार?

गेले काही महिने आमच्या कोल्हापुरात पुस्तकवेडी चार माणसं जमली की एकच वाद रंगतोय, ऑडिओबुक ऐकलं तर पुस्तक 'वाचलं' म्हणायचं का नाही. एका बाजूला डोळेवाले, त्यांचं म्हणणं की कानात इअरफोन घालून रंकाळ्याभोवती चालत कादंबरी ऐकणं म्हणजे शुद्ध आळस. दुसऱ्या बाजूला कानवाले, 'अहो वेळ कुणाकडं आहे आता, गाडी चालवताना तेवढंच चार शब्द कानावर पडतात.' आणि गंमत अशी की या सगळ्या भांडणात आवाजाबद्दल कुणी बोलतच नाही. एकजण शिस्तीबद्दल बोलतोय, दुसरा सोयीबद्दल. जो माणूस आठ-दहा तास आपल्या कानात बोलत असतो तो वाचतो कसा, थांबतो कुठं, त्याला त्या गावाची भाषा येते का, यावर चकार शब्द नाही. माझं म्हणणं सरळ आहे. ऐकणं वाचनात धरायचं का नाही हा प्रश्नच बिनकामाचा आहे, आवाज हा त्या कलाकृतीचाच भाग असतो, आणि भाग असतो म्हणूनच त्याला सवलत द्यायची नाही, लेखकाच्या वाक्याला जसं पारखतो तसंच त्यालाही पारखायचं. आज आपण ते करत नाही आणि त्यामुळं दोन्ही बाजूंचं नुकसान होतंय.

कानवाल्यांचा पहिला दाखला ठरलेला असतो, ज्ञानेश्वरी. ज्ञानेश्वरांनी सांगितली, सच्चिदानंदबाबांनी लिहून घेतली. मग बहिणाबाई चौधरी, त्यांना अक्षरओळख नव्हती, घरात शेतात काम करताना सुचेल तसं गायच्या आणि त्यांच्या मुलानं, सोपानदेवांनी, ते कागदावर उतरवलं. मग जात्यावरच्या ओव्या, हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ या अभ्यासकांच्या कामातनं लाखाच्या वर ओव्या गोळा झाल्यात. सगळं खरं आहे. पण त्यातनं 'म्हणून मी दीडपट स्पीडला कादंबरी ऐकतो ते चालतंय' असं निघत नाही हो. ज्ञानेश्वरीचा नववा अध्याय उघडून बघा, सुरुवातच श्रोत्यांकडं अवधान मागण्यानं होते. समोर माणसं बसलेली आहेत आणि सांगणारा त्यांच्याकडं एवढंच मागतोय. जात्यावरची बाई काम करता करता गायची हे खरं, पण ओवी ती स्वतः रचत होती, दळणाची लय आणि ओवीची लय एकच होती, आपण भांडी घासताना दुसऱ्याचं ऐकतो ते आणि हे एक कसं होईल? परंपरेचा दाखला द्यायचा तर पूर्ण द्या की. त्या परंपरेत ऐकणं हे कष्टाचं काम होतं. कीर्तनाला जाणाऱ्याला आख्यान आधीच तोंडपाठ असायचं, तरी तो जायचा, कारण आज बुवा कसं सांगतोय ते त्याला ऐकायचं असायचं, आणि परत येताना 'आज बुवानं उरकलं बघ' असं रोखठोक म्हणायचा. ऑडिओबुक ऐकून 'आज वाचणाऱ्यानं उरकलं' असं म्हणणारा माणूस मला अजून भेटलेला नाही.

आता डोळेवाल्यांचा सगळ्यात भक्कम मुद्दा, जो ते स्वतः फारसा मांडत नाहीत म्हणून मीच मांडतो. एकट्यानं, मनातल्या मनात, आपल्या गतीनं वाचणं ही आपल्याकडच्या बहुसंख्य लोकांना फार उशिरा मिळालेली गोष्ट आहे. त्याच्याआधी पोथी एकाच्या हातात आणि बाकीचं गाव समोर मांडी घालून. पुराणिक काय वाचतोय, काय गाळतोय, कुठल्या ओळीवर स्वतःचं काय घुसडतोय, हे तपासणार कोण आणि कसं? शाहू महाराजांनी १९१७ साली करवीर संस्थानात प्राथमिक शिक्षण मोफत आणि सक्तीचं केलं त्याचं मोल या बाजूनं बघितलं की जास्त कळतं. वाचता येणारं पोर पान मागं उलटू शकतं, बोट ठेवून विचारू शकतं की हे तुम्ही सांगता ते इथं कुठं लिहिलंय. ज्या घरात आजी अंगठा उठवत होती त्या घरातल्या माणसाला 'आता परत नुसतं ऐक' असं सांगणं ही साधी गोष्ट नाही. शाळेतल्या पोरांच्या हातात पुस्तकाऐवजी ऑडिओ द्या असं उद्या कुणी म्हणालं तर मी डोळेवाल्यांच्या रांगेत सगळ्यात पुढं उभा असेन, तिथं तडजोड नाही.

पण आवाज म्हणजे पुराणिकाचीच जहागीर होती हे अर्धंच खरं आहे. जोतीराव फुल्यांनी १८७३ ला सत्यशोधक समाज काढला, १९११ ला कोल्हापुरात त्याची शाखा निघाली, पण तो विचार खेडोपाडी पोचला कशानं? जलशांनी. तमाशाचा बाज घेतला, त्यातला गण, बतावणी, सवालजबाब घेतला आणि त्यातच भटशाहीची, सावकारीची, हुंड्याची चिरफाड केली. पुढं आंबेडकरी जलशांनी हेच आणखी जोरात केलं. ज्याला वाचता येत नाही त्याला 'पोरांना शाळेत घाल' हे कागदावर लिहून कसं सांगणार होता? म्हणजे पुराणिकाच्या आवाजाला उतारा होता तो कागदाचा, आणि सोबत दुसऱ्या आवाजांचाही. धोका एकट्या पडलेल्या आवाजाचा असतो, ज्याच्यासमोर ना मजकूर आहे ना दुसरा वाचणारा. ही कसोटी आजच्या ऑडिओबुकला लावली तर? एका पुस्तकाचे हक्क एका अ‍ॅपकडं, ते वाचून दाखवणारा एकच, आणि मजकूर कापून छोटा केला असेल तर ते ऐकणाऱ्याला धड कळत पण नाही. हा नवा पुराणिकच की. पण याच्यावर डोळेवाले बोलत नाहीत, ते चालत चालत ऐकणाऱ्यावर घसरतात, त्याच्या आळसावर.

दुसरा आक्षेप अर्थाचा. दुसऱ्यानं वाचून दाखवलं की अर्थ त्याचा लागतो, आपला नाही, त्याच्या आवाजाचा रंग चढतो. बरोबर आहे, चढतो. पण मनातल्या मनात वाचताना काय होतं? तिथंही कुणीतरी वाचतंच असतं, फक्त ते आपण असतो, आणि आपण नेहमीच चांगले वाचणारे असतो असं थोडंच आहे. नाटकवाल्यांनी हा प्रश्न कधीच सोडवून टाकलाय. १९२१ ला मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी संयुक्त 'मानापमान' झालं, बालगंधर्व भामिनी आणि आमचे केशवराव भोसले धैर्यधर. पदं लोकांना पाठ होती, गोष्ट माहीत होती, तरी ऐकायला झुंबड उडाली ती हे दोन गळे समोरासमोर आले म्हणून. तिथं कुणी म्हणालं का की गायकानं पदावर स्वतःचा रंग चढवला, आता माझ्या कल्पनेला जागा उरली नाही? उलट कुणाचा रंग खरा यावर माणसं पुढं कितीतरी वर्षं भांडली. गीतरामायणाचं पण तसंच. १९५५-५६ ला पुणे आकाशवाणीवर गदिमांची ती ५६ गीतं लागली तेव्हा वेगवेगळ्या पात्रांना वेगवेगळे गायक होते, नंतर सुधीर फडक्यांनी सगळी एकट्यानं गायली. शब्द तेच, चाली त्याच, पण दोन्ही गोष्टी एक नाहीत, पहिल्यात रामायण घडतंय असं वाटतं, दुसऱ्यात एकजण बसून ते सांगतोय असं. कुणाला काय आवडावं तो ज्याचा त्याचा प्रश्न. पण फरक आहे हे आपल्याला ऐकू येतं, आपण त्यावर बोलतो, आणि गाण्याला जो कान लावतो तोच कान कादंबरी वाचून दाखवणाऱ्याला लावायचा आपल्याला सुचत नाही.

छापील कविता डोळ्यांसाठीच असते असं म्हणणारेही आहेत, त्यांना एवढंच, मर्ढेकरांनी मराठीत नवकविता आणली तेव्हा हाताशी घेतला तो ओवी आणि अभंगाचाच साचा, आणि हा माणूस नोकरीला रेडिओवर होता. मात्र वैचारिक गद्याच्या बाबतीत मी डोळेवाल्यांशी सहमत आहे. युक्तिवाद ऐकता ऐकता हातातनं निसटतो, मागं जाऊन ताडून बघता येत नाही, हाच लेख कुणी वाचून दाखवला तर निम्मे लोक जलशापर्यंत झोपलेले असतील.

या सगळ्या वादात मला सारखी आठवण येते ती बाबूराव पेंटरांची. मूकपटाच्या काळात या माणसानं कोल्हापुरात बसून चित्राची भाषा तयार केली, 'सैरंध्री' १९२० चा, 'सावकारी पाश' १९२५ चा. आणि १९३१ ला बोलपट आला तेव्हा बाबूरावांना तो फारसा रुचला नाही, एवढ्या मेहनतीनं उभी केलेली दृश्याची भाषा हा आवाज मोडून टाकेल असं त्यांना वाटत होतं. आज आपण हसून म्हणू शकतो की बघा, म्हातारी माणसं नव्याला घाबरतात. पण मला तर बाबूराव बरोबर वाटतात. सुरुवातीचे बरेच बोलपट बघा, कॅमेरा ठोकून बसवल्यासारखा, माणसं माइकच्या टप्प्यात उभी राहून बोलतायत नाहीतर गातायत, म्हणजे चित्र गेलं आणि हातात आलं ते फोटो काढलेलं नाटक. भीती खरी ठरली, काही वर्षांपुरती. मग काय झालं? त्यांच्याच महाराष्ट्र फिल्म कंपनीतनं बाहेर पडलेल्या मंडळींनी १९२९ ला कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी काढली, १९३२ ला 'अयोध्येचा राजा' बोलता केला, आणि त्यातले विष्णुपंत दामले, जे बाबूरावांच्या हाताखाली तयार झालेले, त्यांनी ध्वनिमुद्रणाचं काम अंगावर घेतलं. पुढं १९३६ ला दामले-फत्तेलालांनी 'संत तुकाराम' केला, आणि तो ज्यानं बघितलाय त्याला सांगायला नको की आवाजानं चित्र मोडलं का वाढवलं. खुद्द बाबूरावांनी त्याच वर्षी 'सावकारी पाश' परत केला, आता बोलका. मधल्या पाच-सहा वर्षांत आवाजाचं काय करायचं हे माणसं शिकली, आणि शिकली कारण बघणारे तक्रार करत होते, समीक्षक लिहीत होते, करणारे एकमेकांशी स्पर्धा करत होते. मराठी ऑडिओबुक आज त्या पहिल्या बोलपटांच्या जागी आहे, पुस्तक समोर ठेवून माइकसमोर बसलेला माणूस. त्याला झोडणारे नकोत आणि डोक्यावर घेणारे पण नकोत, नीट ऐकून 'इथं चुकलास' म्हणणारे पाहिजेत.

आणि चुकतात कुठं, तर बोलीत. सगळ्यात जास्त तिथंच. शंकर पाटील आमच्या पट्टणकोडोलीचे, व्यंकटेश माडगूळकर आणि द. मा. मिरासदार यांच्याबरोबर त्यांनी गावोगाव कथाकथन केलं. या कथा छापलेल्या होत्या, लोकांनी वाचलेल्या होत्या, तरी माणसं गर्दी करून ऐकायला जायची, हे जे ऐकून वाचन मरतं म्हणतात त्यांनी लक्षात ठेवायला हरकत नाही, पुस्तकाचा खप काय कथाकथनानं कमी होत नसतो. पण मुद्दा दुसराच आहे. ज्यानं शंकर पाटलांना ऐकलं त्याला पानावरचा संवाद कायमचा वेगळा वाटायला लागतो. आमच्या भागात माणूस रागावलाय का लाडात आलाय हे शब्दांवरनं कळत नाही, हेल कुठं चढला आणि कुठं सोडला त्याच्यावर असतं. शिवी पण मायेची असते आणि 'या, बसा' पण अपमानाचं असू शकतं. हे लिहायला देवनागरीत चिन्ह नाही. मग असली कथा एखाद्या गुळगुळीत, प्रमाण उच्चाराच्या आवाजात वाचली की काय होतं, निवेदन एकदम बातम्यांसारखं आणि संवाद आला की तोच माणूस सिनेमातल्या गावरान नोकरासारखा ओढून ताणून 'व्हय जी, न्हाय जी' करायला लागतो. कोल्हापूर, सातारा, नगर, सगळं एकाच पोत्यात. लेखकानं शब्द न शब्द ऐकून लिहिलेला असतो आणि वाचणाऱ्यानं त्याची एका मिनिटात नक्कल करून टाकलेली असते. आणि यावर परीक्षणात एक ओळ येत नाही.

शिवाजी सावंतांचं 'मृत्युंजय' घ्या, १९६७ ची कादंबरी, आजऱ्याच्या माणसानं लिहिलेली. कर्ण, कुंती, दुर्योधन, वृषाली, शोण, कृष्ण, सगळे आपापल्या तोंडानं सांगतायत, रचनाच आवाजांची आहे. पानावर वाचताना मात्र प्रामाणिकपणे सांगा, वृषालीचा आणि दुर्योधनाचा आवाज तुम्हाला वेगवेगळा ऐकू आला होता का? बहुतेकांना सगळे एकाच भारदस्त सुरात बोलताना ऐकू येतात. चांगल्या वाचणाऱ्यांनी हे पुस्तक वाटून घेऊन वाचलं तर ते सहाजण खरंच वेगळे होतील, आणि मग असंही उघडं पडेल की लेखकानं कुणाची भाषा वेगळी केलीय आणि कुणाची नाही. आवाज पुस्तकाचे दोष पण दाखवतो. ते कुणाला नको असतं, ही वेगळी गोष्ट.

आता मशीनचा आवाज. कॉम्प्युटर मराठी बऱ्यापैकी वाचायला लागलाय, अजून कुठं कुठं अडखळतो, पण आज ना उद्या हुबेहूब वाचेल हे धरून चालू. ज्यांना दिसत नाही त्यांच्यासाठी ही मोठी गोष्ट आहे, काल छापलेलं पुस्तक आज ऐकायला मिळणं, कुणाच्या उपकाराशिवाय, यावर नाक मुरडणाऱ्यानं एक दिवस डोळे मिटून काढावा. वि. स. खांडेकर याच गावात शेवटी शेवटी दृष्टी गेल्यावर दुसऱ्याकडून वाचून घ्यायचे, त्यांना हे मिळालं असतं तर? तेव्हा माहितीला, अभ्यासाला, वर्तमानपत्राला मशीनचा आवाज खुशाल वापरा. पण कथा-कवितेला तोच आवाज पुरेल असं प्रकाशक म्हणायला लागलेत, कारण स्वस्त पडतो, आणि तिथं मी अडतो. कारण विचाराल तर अल्लादिया खाँसाहेब.

खाँसाहेबांना शाहू महाराजांनी कोल्हापूरच्या दरबारी गवई म्हणून आणलं, जयपूर-अत्रौली घराणं इथं रुजलं. तरुणपणी अतोनात गाऊन त्यांचा मूळचा आवाज गेला. जो आवाज उरला त्याच्यात पूर्वीची गायकी बसेना, म्हणून त्यांनी गायकीच नवी घडवली, त्या उरलेल्या आवाजाला काय झेपतं ते बघत बघत. आज ज्या पेचदार, लयीला चिकटून चालणाऱ्या गाण्याला आपण मान डोलावतो त्याच्या मुळाशी एक बिघडलेला गळा आहे. पुढं केसरबाई केरकर आणि मोगूबाई कुर्डीकर, एकाच गुरूच्या, पण दोघींचं गाणं एकसारखं नाही, प्रत्येकीनं आपल्या गळ्याच्या हिशेबानं विद्या घेतली. आवाजाला मर्यादा असते, माणूस त्या मर्यादेशी झगडतो, त्यातनं शैली तयार होते. वाचणाऱ्याचं पण तसंच, दम कुठं पुरत नाही, कुठल्या वाक्याला त्याचाच गळा दाटतो, कुठं तो घाईनं निसटून जातो, त्या जागांमध्ये त्याचं वाचन असतं. मशीनला दम लागत नाही. कुठलंही वाक्य त्याला जड जात नाही, मग जड वाक्य जड आहे हे ते ऐकणाऱ्याला सांगणार कसं? शिकवून शिकवून तेही दम लागल्याचं सोंग आणेल म्हणा, पण सोंग कुठं आणायचं हे पुन्हा कुणीतरी माणूसच ठरवणार ना, मग त्या माणसालाच माइकसमोर बसवा की.

गंमत बघा, गाण्याच्या दुनियेत हाच वाद उलटा झाला होता. भातखंड्यांनी बंदिशी स्वरलिपीत उतरवायला घेतल्या तेव्हा भल्या भल्या उस्तादांचा विरोध, कागदावर आणलं की विद्या मरते, ती गुरूच्या तोंडूनच घ्यायची. तिकडं कागदाची भीती, इकडं कानाची. आणि शेवटी झालं काय, भातखंड्यांमुळं कितीतरी बंदिशी टिकल्या, पण नुसती पुस्तकं वाचून कुणी गवई झाला नाही. कागदानं जे राखायचं ते राखलं, गळ्याकडनं गळ्याकडं जे जायचं ते तसंच जात राहिलं. साहित्यात आपल्याकडं कागदाची बाजू मजबूत आहे, करवीर नगर वाचन मंदिर १८५० पासनं उभं आहे, गळ्याची बाजू मात्र कुणाच्याच ताब्यात नाही. दक्षिण महाराष्ट्रातल्या किती लेखकांचा स्वतःचं लिखाण स्वतः वाचतानाचा आवाज आपण जपून ठेवलाय? थोडेफार घरगुती टेप, ते पण बुरशी लागलेले.

करायला फार मोठं काही लागत नाही. पुस्तकाच्या ऑडिओवर वाचणाऱ्याचं नाव लेखकाच्या नावाखाली त्याच आकारात टाका आणि त्याला पैसे नीट द्या, मजकूर कापला असेल तर सुरुवातीलाच सांगा, परीक्षण लिहिणाऱ्यानं चार ओळी वाचनावर लिहाव्यात, वाईट असेल तर वाईट म्हणून. आणि ग्रंथालयांनी किंवा कॉलेजच्या मराठी विभागांनी एक साधा प्रयोग करून बघावा. शंकर पाटलांच्या नाहीतर आनंद यादवांच्या लिखाणातलं एकच पान घ्या, आणि ते तीन माणसांकडून वाचून रेकॉर्ड करून घ्या, एक कागलचा, एक गडहिंग्लजकडचा जिथं मराठीला कानडीचा वास येतो, आणि एक पन्हाळ्याच्या डोंगरातला. शिकलेले नट नकोत, वाचता येणारी कुठलीही माणसं चालतील, एखादी बाई असली तर उत्तमच. मग ज्यांना वाटतं की आवाज म्हणजे फक्त सोय, त्यांना ते तिन्ही लागोपाठ ऐकवा आणि विचारा, की तीनदा एकच पान ऐकलंत का तीन पानं.